पाहुणीच्या हाती टॉवेल

गिझरचा दिवा बंद होताना 'टक्' असा आवाज येतो. एरवी तो कुणाच्या कानावरही जात नाही. पण त्या सकाळी वरच्या मजल्यावर इतकी शांतता होती, की मला तो आतल्या खोलीत ऐकू आला. पाणी तापलं होतं. आता बाळाला अंघोळ घालायची होती, आणि घालायला मी एकटीच होते.

रेवा पाच महिन्यांची होती. पलंगावर उताणी पडून स्वतःच्या पायाच्या अंगठ्याशी काहीतरी बोलणी करत होती. ती जन्मल्यापासून मी तिला एकदाही अंघोळ घातली नव्हती. आधी माहेरी आईने घातली, मग इथे कराडला सासरी आल्यावर अनुसयामावशींनी. मावशी रोज नऊला यायच्या, न्हाणीघरात पाय पसरून बसायच्या, रेवाला पायांवर घ्यायच्या आणि तेल-पीठ चोळून, लालबुंद करून, टॉवेलात गुंडाळून माझ्या हातात द्यायच्या. आदल्या दिवशी जाताना म्हणाल्या, "लेकीचं बाळंतपण हाय. म्हैनाभर काय मी येत न्हाई. आता तुमीच घाला की पाणी. आई हाय न्हवं तुमी?"

मी हसून "हो" म्हटलं होतं.

नवरा, सुहास, साखर कारखान्याच्या लॅबमध्ये. हंगाम चालू होता, तो उजाडायच्या आत बाहेर पडायचा. सासूबाई, म्हणजे आत्या, खालच्या मजल्यावर. तिथे त्यांची खानावळ. कॉलेजच्या पोरांचे साठ डबे अकराच्या आत भरायचे, शिवाय त्यांचे गुडघे असे, की एकदा खाली बसल्या तर उठवायला दोन माणसं लागायची. तेव्हा त्यांच्याकडून अंघोळीची आशा नव्हती.

मग मी काय केलं ते सांगते. बादलीतलं पाणी मगाने चार वेळा फरशीवर ओतलं, खाली आवाज जावा म्हणून. रुमाल ओला करून रेवाचं तोंड, मान, काखा पुसल्या. पावडर, काजळ, गालाला तीट, धुतलेलं झबलं. पोरगी दिसत होती अगदी न्हायल्यासारखी.

अकराला आत्या वर आल्या, नातीला उचललं आणि सवयीने तिच्या टाळूवर नाक टेकवलं.

"जावळ कोरडं हाय की गं."

"नीट पुसलं मी."

"आणि डाळीच्या पिठाचा वास कुठं गेला?"

साठ डब्यांची आमटी नुसत्या वासावरून ओळखणाऱ्या बाईच्या नाकाशी कोण वाद घालणार? मी दुपट्याच्या घड्या करत बसले. आत्यांनी माझ्याकडे एकदा बघितलं, "बरं" म्हणाल्या आणि खाली गेल्या.

हे नाटक पाच दिवस चाललं. सहाव्या दिवशी रेवाच्या मानेच्या वळ्यांत साचलेल्या दुधाने लाल चट्टे उठले, आणि सुहासने मला समोर बसवून विचारलं. तेव्हा मी त्याला सांगितलं. पाण्याचा नुसता विचार आला तरी एकच चित्र दिसतं. रेवा माझ्या पायांवरून घसरते आहे. भाजी चिरताना दिसतं, दात घासताना दिसतं. "अंघोळच काय," मी म्हटलं, "जिन्यावरून तिला घेऊन उतरायचं म्हटलं तरी मला घाम फुटतो."

सगळं नाही सांगितलं. एक गोष्ट ठेवून घेतली.

सुहासने गुरुवारची वेळ घेतली. स्टेशनरीच्या दुकानावरच्या मजल्यावर कस्तुरे मॅडम बसायच्या. चाळिशीच्या, केसांना मेंदी, समुपदेशनाचं काम करायच्या. सुहासला सुट्टी नव्हती म्हणून आत्या सोबत निघाल्या, रेवाला सांभाळायला. डबे त्या दिवशी चपात्यावाल्या दोघींवर सोपवले. खानावळीच्या इतिहासात असं फक्त सुहासच्या लग्नात झालं होतं.

आत्या बाहेर बाकावर बसल्या, मी आत. मॅडमनी सगळं ऐकून घेतलं. कुठेही चुकचुकल्या नाहीत, त्याचंच मला बरं वाटलं.

"विचार म्हणजे आकाशातले ढग समजा," त्या म्हणाल्या. "येतात, जातात. तुम्ही आकाश."

मी मान हलवली. मला आकाश व्हायचं नव्हतं. मला फक्त बादलीजवळ बसता यायला हवं होतं.

"नाही ना पटलं?"

"नाही, छान आहे तसं."

त्या हसल्या. "राहू दे. कुणाला ढग चालतात, कुणाला नाही. दुसरं बघू. ही भीती म्हणजे न बोलावता आलेली एक पाहुणी समजा. तुम्ही दार लावून धरता, म्हणून ती जास्त जोरात ठोठावते. दार उघडा. 'आलीस? बस' म्हणा. पण तिला चहापाणी नको, तिच्याशी गप्पा नकोत. तुमचं तुमचं काम करत राहा. कंटाळून जाईल आपोआप."

हे मला जरा जवळचं वाटलं. पण तेवढ्यात रेवाने बाहेर भोकाड पसरलं आणि आत्या दार लोटून तिला माझ्याकडे द्यायला आत आल्या. शेवटचं वाक्य त्यांनी ऐकलं होतं.

"पाणीबी विचारायचं न्हाई?" त्यांनी मॅडमना विचारलं.

"काकू, खरी पाहुणी नाही हो. मी आपलं उदाहरण देत होते."

"ते कळतंय की मला. डोकं ठिकाणावर हाय माझं." आत्या रिकाम्या खुर्चीवर बसल्याच. मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मी रेवाला पदराखाली घेत मानेनेच "असू दे" म्हटलं. "पण मी म्हंते, घरात आलेल्या बाईला नुसतं बसवून ठेवलं तर ती जाईल व्हय? माझी नणंद बगा. तिला चहा न्हाई दिला तर दिवस मावळंस्तवर हलत न्हाई. नुसती घर बगत बसती. कुठं जळमट हाय, कुठल्या डब्याला टोपण न्हाई. रिकाम्या पाहुण्याइतकं वाईट काय न्हाई."

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "मग तुम्ही काय करता?"

"कामाला लावती. शेंगांचं सूप तिच्या म्होरं सरकवायचं. 'वन्सं, जरा फोडा की' म्हणायचं. हात गुंतला की तोंड कमी चालतं. शेंगा संपल्या की आपसूक म्हंती, येऊ का वहिनी. माझा कूट बी होतो."

मॅडम आधी हसल्या, मग हसायच्या थांबल्या आणि त्यांनी वही उघडली. मी समोरून उलटं वाचलं. त्यांनी 'शेंगा' असं लिहून खाली दोन रेघा मारल्या होत्या.

"तेजस्विनी," त्या मला म्हणाल्या, "तुमच्या पाहुणीला काय काम देता येईल?"

माझ्याआधी आत्याच म्हणाल्या, "तिला येतं तरी काय?"

"म्हणजे?"

"नुसतं वराडायला तर आली नसंल. कायतरी येत असंल की तिला."

मी विचार केला. "तिला सगळं आधी दिसतं. काय काय वाईट होऊ शकतं, ते बारीकसारीक सगळं."

"मग राखणीला बरी हाय," आत्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी नऊला आत्या फोडणीचा उलथना हातात घेऊनच वर आल्या. न्हाणीघराच्या दारात प्लास्टिकची खुर्ची टाकून बसल्या. रेवा त्यांच्या मांडीवर. मी आत, पाय पसरून, साडीचा काचा मारून. पायांवर कुणीच नाही.

"आली का ती?"

मला हसू आलं. पण ती आली होती. "आली."

"काय म्हंती?"

"म्हणते, फरशी निसरडी आहे."

"खरं हाय की. सांग तिला, गोणपाट टाक म्हणावं."

मी उठून धुतलेलं गोणपाट आणलं, पायांखाली पसरलं.

"आता?"

"पाणी फार गरम असेल."

"कोपर बुडवून बग म्हणावं."

मी बुडवलं. ठीक होतं.

"साबण डोळ्यांत जाईल."

"साबण लावायचाच न्हाई. पुढं?"

पुढचं मी बोलले नाही.  "बरं. आज एवढंच ऱ्हाऊ दे. चांगली कामाची बाई दिसती," आत्या म्हणाल्या आणि रेवाला माझ्याकडे देऊन कठड्याला धरत जिना उतरल्या.

दोन दिवस असेच गेले, कोरडे. तिसऱ्या दिवशी डब्यात लाल भोपळ्याची भाजी होती. आत्यांनी ढिगातला एक लांबट भोपळा निवडला, काट्यावर टाकला आणि चपातीवाल्या शोभाताईंकडून वर पाठवला. रेवाच्या वजनाचाच होता, पावशेर जास्त. देठाला रेवाचं टोपरं बांधलं होतं.

"डोकं कुठलं ते कळावं म्हणून," मागून येत आत्या म्हणाल्या. त्यांचा चेहरा गंभीर होता. शोभाताई तोंडाला पदर लावून पळाल्या.

मी भोपळ्याला पायांवर घेतलं. तेल लावलं. "मान धर आधी," आत्या दारातून सांगत होत्या. "मान न्हाई त्याला, पण तू धर. हां. आता पीठ. पोट चोळ. काखा." भोपळ्याच्या काखा मी अंदाजाने चोळल्या, वरून दोन तांबे पाणी ओतलं. खरं सांगते, मला मजा यायला लागली होती. पाच महिन्यांत पहिल्यांदा मी न्हाणीघरात बसून हसत होते.

"आता पालथी घे."

मी पालथा घेतला. आणि तेलाचा, पिठाचा, ओला भोपळा माझ्या पायांवरून सटकला. गोणपाटाच्या पलीकडे फरशीवर आपटला. धप्प. मधोमध तडकला, बिया बाहेर आल्या, आणि टोपरं वाहत मोरीच्या जाळीवर जाऊन अडकलं.

माझे हात हवेत तसेच राहिले.

"बघितलंत?" मी म्हटलं. 

"बगितलं. भोपळा पडला."

"रेवा असती तर?"

"पोरगी तुला धरती, बाई. भोपळा धरतो व्हय कुणाला?"

"तसं नाही, आत्या." आणि मग ती ठेवून घेतलेली गोष्ट बाहेर आली, मी थांबवायच्या आत. "ती घसरेल याची नाही भीती मला. मी सोडेन. मीच. मुद्दाम. हात उघडेन, असं वाटतं. मला तेच दिसतं रोज, घसरणं नाही. घसरणं मी तुम्हाला सांगायला तयार केलं होतं."

 आत्यांच्या मांडीवर रेवा होती. मी त्या दोघींकडे बघत बसले आणि मला वाटलं, आता त्या उठतील, नातीला छातीशी धरून खाली जातील, सुहासला फोन करतील, आणि मग रेवा माझ्या हातात कधीच कुणी देणार नाही. पाच महिने मी ह्याच क्षणाला चुकवत आले होते.

आत्या उठल्या. खुर्चीला धरून, गुडघ्यावर हात ठेवत, दोन पावलं आत आल्या आणि रेवाला माझ्या पायांवर ठेवलं. तेलकट, पिठाळ पायांवर, आहे तशी, कपड्यांसकट.

"मान धर," म्हणाल्या.

मी धरली.

मग त्या उंबऱ्यावर बसल्या. खाली. उठायचं कसं याचा विचार न करता.

"सुहास झाला तवा आमी मळ्यात ऱ्हायचो. दाराम्होरंच हीर," त्या म्हणाल्या. "आठ म्हैनं मी हिरीकडं पाठ करून बसायची. भांडी घासायची ती पाठ करून, धुणं धुवायची ती पाठ करून. त्याला कडंवर घेऊन बाहीर पडलं की वाटायचं, आता पाय तिकडं जातील. आणि मी त्याला टाकीन."

"कुणाला सांगितलंत?"

"कुणाला सांगणार? असं कुठली आई सांगती? सासूला वाटलं, हिला बाहेरचं कायतरी लागलंय. तिनं लिंबं उतरली, अंगारा लावला. तिचं तरी काय चुकलं? तिला दिसत होतं तेवढं तिनं केलं."

"पण तुम्ही टाकलं नाहीत."

"मग तुला नवरा कुणी दिला?"

मी हसले का रडले ते मला अजून सांगता येत नाही. रेवाने माझ्या साडीचा काठ मुठीत पकडला होता आणि तो तोंडात घालायच्या मागे होती.

"ती तुझी पाहुणी माझ्या वळखीची हाय, तेजू," आत्या म्हणाल्या. "दारात उभी ऱ्हायली तवाच वळखली मी. भ्या दावती लई. पण तिच्या हातनं काय होत न्हाई."

त्या दिवशी आत्यांना उठवायला खरंच दोन माणसं लागली, मी आणि शोभाताई. तडकलेल्या भोपळ्याची साल काढून भाजी झाली. संध्याकाळी रिकाम्या डब्यांतून एका पोराची चिठ्ठी आली, 'काकू, आजची भाजी वेगळीच भारी होती.' आत्यांनी ती मला वाचून दाखवायला लावली, दोनदा.

पुढच्या गुरुवारी मी मॅडमना ते वाक्य सांगितलं. पूर्ण. त्यांनी पाण्याचा पेला माझ्याकडे सरकवला. "जे सगळ्यात जपून ठेवावंसं वाटतं ना," त्या म्हणाल्या, "ही पाहुणी नेमकी तिथेच येऊन बसते. तुमच्याआधी ह्या खुर्चीत बसून बऱ्याच जणींनी हे सांगितलंय. तुम्ही सांगितलंत, हे फार बरं केलंत." पुढे सहा महिने मी त्यांच्याकडे जात राहिले. आता म्हणे त्या ढगांचं कुणाला सांगत नाहीत. शेंगांचं सांगतात.

पण अंघोळ त्याच्या दुसऱ्याच दिवशी झाली. शुक्रवारी.

गोणपाट पसरलेलं. पाणी कोपराने बघितलेलं. तेल मी कमीच घेतलं. रेवा पायांवर, उघडी, मऊ, मानेच्या चट्ट्यांवर खोबरेल. आत्या दारात खुर्चीवर.

"आली का?"

"आली."

"काय म्हंती?"

"तेच."

"मग टॉवेल दे तिच्या हातात. म्हणावं, हितं उभी ऱ्हा. पोरगी झाली की गुंडाळून घे."

मी टॉवेल डाव्या बाजूच्या खुंटीवर टाकला. "धर," म्हटलं. मोठ्याने म्हटलं, लाज वाटली नाही. मग पहिला तांब्या रेवाच्या पोटावर ओतला. ती दचकली. दोन्ही हात तिने हवेत फेकले आणि उजव्या हाताला माझी करंगळी लागली, ती तिने धरली. घट्ट. मला बाकीच्या चार बोटांनी काम करायला लागलं. पाय चोळले, पोट चोळलं. पालथी घेताना ते चित्र आलं, अगदी स्पष्ट आलं. मी टॉवेलाकडे बघितलं. हात आपलं काम करत होते. पाठीवरून पाणी ओतलं, मांड्यांच्या वळ्या धुतल्या, आणि रेवाने माझ्या पायांवर निवांत शू केली.

"झाली पावन," आत्या दारातून म्हणाल्या. "हिचा बाप बी असाच."

शेवटचा तांब्या ओतून मी रेवाला उचललं. टॉवेल मीच घेतला, दुसरं कोण घेणार? पण घेताना "आण इकडे" म्हटलं, ते आठवतं. तिला गुंडाळून आत्यांकडे दिलं. त्यांनी टाळूवर नाक टेकवलं, बराच वेळ. मग तिला माझ्याकडे देऊन लगबगीने खाली गेल्या. आमटी उतू जात होती म्हणे. मला तर कसलाही वास आला नव्हता.

याला आता सात वर्षं झाली. ह्या उन्हाळ्यात रेवाला भाऊ झाला, निषाद. त्याला पहिल्या दिवसापासून मीच पाणी घालते. ती पाहुणी आली होती, पहिल्या आठवड्यात डोकावून गेली. ह्या वेळी तिची ओळख करून द्यायला लागली नाही.

आज सकाळी निषादची अंघोळ चालली असताना रेवा दारात उकिडवी बसून एकेक प्रश्न विचारत होती. त्याला नाकात पाणी जात नाही का, तो रडत का नाही, मी एवढी होते तेव्हा रडायचे का. आणि मग, "तुला हे कुणी शिकवलं?"

म्हणून मी तिला सांगितलं. गाळून सांगितलं, सात वर्षांच्या पोरीला सांगतात तेवढंच. एक घाबरवणारी पाहुणी यायची, आजीने तिला कामाला लावायला शिकवलं, आणि एका भोपळ्याला टोपरं घातलं. भोपळ्याला ती इतकी हसली, की निषाद तिच्याकडे बघायला लागला. विहिरीचं काही बोलले नाही. एवढंच म्हटलं, की ती पाहुणी आधी आजीकडे यायची, बाबा लहान होता तेव्हा. म्हणून आजी तिला ओळखत होती.

रेवाचं हसू थांबलं. खालून चपात्या लाटल्याचा आवाज येत होता, आणि आत्या कुणालातरी मीठ कमी झाल्याबद्दल सुनावत होत्या. रेवा थोडा वेळ तिकडे ऐकत बसली. मग तिने हनुवटी गुडघ्यांवर टेकवली.

"आई, तुझ्याजवळ आजी होती," ती म्हणाली. "मग आजीजवळ कोण होतं?"